टाकीतली दहा मिनिटं

१

रायापुरात पाणी आठव्या दिवशी येतं. हुबळी म्हणते, तुम्ही धारवाडचे. धारवाड म्हणतं, तुम्ही हुबळीच्या रस्त्यावरचे. या टोलवाटोलवीत मधल्या माणसाच्या नळातून आठवडाभर नुसती हवा फुसफुसते. बाहेरगावचे लोक हे ऐकून हळहळतात. इथले हळहळत नाहीत, जमिनीखाली टाकी बांधतात. घर अर्धवट राहिलं तरी चालेल, गिलावा पुढच्या वर्षी होईल, पण टाकी आधी. ज्यांनी रोज पाणी द्यायचं ते खुर्चीत बसून योजनांची उद्घाटनं करतात आणि लोक गुपचूप जमीन उकरतात. इतकं सोसणं कुठल्या पोथीत पुण्य म्हणून लिहिलंय ते कुणी सांगावं.

या पाण्यापायी गल्लीत एक अलिखित कायदा झाला होता. पाणी आलं आणि शेजारी घरी नसला, तर त्याच्या फाटकाजवळचा कॉक आपण उघडायचा. पाळी चुकली तर माणूस आठ दिवस कोरडा, म्हणून भांडण असलं तरी उघडायचा. शेजारच्या अर्चनाचे सासरे आणि रामचंद्र हुद्दार कुंपणाच्या एका वितीवरून दोन वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. त्या दोन वर्षांतही कुणाचं पाणी कुणी चुकू दिलं नव्हतं.

रामचंद्ररावांनी धारवाडजवळच्या बेलूरच्या कारखान्यात तीस वर्षं तपासनीस म्हणून काढली. केसाएवढा ओरखडा असला तरी माल परत पाठवणारा माणूस. निवृत्तीनंतर परत पाठवायला काही उरलं नाही, तेव्हा त्यांनी टाकी हाती घेतली. पाण्याच्या आदल्या दिवशी सकाळी परसातलं लोखंडी झाकण बाजूला सारायचं, शिडी सोडायची, ब्लीचिंग पावडर आणि काथ्याचा ब्रश घेऊन आत उतरायचं. दोन पुरुष खोल टाकी. फरशीचा कोपरान् कोपरा घासून, तळाचं गढूळ पाणी फडक्यानं टिपून वर यायचं. अर्ध्या तासाचं काम.

त्या बुधवारी ते नऊ वाजता उतरले. त्यांच्या बायकोनं, शालिनीबाईंनी चहा टाकला, गाळला, परसाच्या दाराशी ठेवून हाक मारली. उत्तर आलं नाही. ब्रशच्या आवाजात ऐकू गेलं नसेल म्हणून त्या आत गेल्या. कुकर लावला, भाजी फोडणीला टाकली, चपात्या लाटल्या. दहाला रामचंद्रराव वर आले आणि कप तोंडाला लावून गरजले,

"हा चहा आहे? दहा मिनिटांत बर्फ केलास त्याचा!"

"दहा मिनिटं? अहो, स्वयंपाक झाला माझा."

"एक कोपरा घासून झालाय फक्त. त्यात तुझी हाक. म्हटलं, काय पेटलंय घरात, म्हणून आलो."

"हाक मारून तास झाला."

त्यांनी मनगट पुढे केलं. घड्याळात नऊ वाजून दहा मिनिटं झाली होती. भिंतीवरच्या घड्याळात दहा. शालिनीबाईंनी धारवाडच्या हायस्कुलात तीस वर्षं विज्ञान आणि गणित शिकवलं होतं. दोन उपकरणं दोन आकडे दाखवत असतील तर एक उपकरण बिघडलेलं असतं, हे त्या आठवीलाच शिकवत.

"सेल गेलाय," त्या म्हणाल्या.

"सेल गेलाय," तेही म्हणाले. विषय संपला.

२

सेल गेला नव्हता. धारवाडच्या घड्याळजीनं भिंग लावून पाहिलं आणि घड्याळ तसंच परत दिलं. "सर, हे माझ्यापेक्षा तब्येतीनं बरं आहे."

पुढच्या बुधवारी शालिनीबाईंना हुबळीतल्या विद्यानगरला जायचं होतं. त्यांची एकुलती मुलगी मेधा तिथं राहत होती. तिला सातवा लागला होता आणि डोहाळजेवणाची तयारी चालली होती. नऊ वाजता रामचंद्रराव शिडीवरून उतरताना दिसले. टाकीत कमरेपर्यंत असतानाच त्यांनी आल्याचा तुकडा तोंडात टाकला आणि हात हलवला. शालिनीबाई निघाल्या. चिगरी बसनं हुबळी, मेधाच्या ब्लाउजचं माप, साडीच्या रंगावरून मायलेकींची लाडिक चकमक, जेवण आणि परतीची बस. फाटक उघडून परसात आल्या तेव्हा दोन वाजत होते, आणि रामचंद्रराव टाकीतून डोकं वर काढत होते.

"अजून गेली नाहीस?" त्यांनी विचारलं.

शालिनीबाईंना आधी वाटलं, थट्टा आहे. मग त्यांचं लक्ष नवऱ्याच्या जबड्याकडे गेलं. ते आलं चावत होते. सकाळचाच तुकडा.

"मी जाऊन आले. जेवून आले."

"बरं बरं. मग मी काय आत झोपलो होतो? उतरून पंधरा मिनिटं नाही झाली. निम्मी फरशी तशीच आहे."

त्यांनी पर्समधून दोन्ही तिकिटं काढून दाखवली. तिकिटांवर वेळ छापलेली होती. रामचंद्ररावांनी ती उलटसुलट करून पाहिली, परत दिली आणि म्हणाले, "मशीन चुकलंय." मग उन्हाकडे बघितलं. ऊन पेरूच्या झाडाच्या पलीकडे गेलं होतं. त्या दिवशी त्यांनी कुणाशीच वाद घातला नाही. हे शालिनीबाईंना जास्त भयंकर वाटलं.

३

बुद्धी असलेलं माणूस आधी हवेवर संशय घेतं. बंद टाकीत वायू साठतो, माणसाला गुंगी येते, पाच तास पाच मिनिटांसारखे जातात. विहिरीत उतरण्याआधी लोक दिवा सोडून बघतात तो उगाच नाही. दिवा विझला तर उतरायचं नाही.

शनिवारी रामचंद्रराव टपालात गेले असताना शालिनीबाईंनी पत्र्याच्या डब्यात मेणबत्ती उभी केली, पेटवली आणि सुतळीनं डबा टाकीत सोडला. डबा काठाखाली हातभर गेला आणि सुतळी एकाएकी सैल पडली. पाण्याला टेकला म्हणावा, तर पाणी अजून बरंच खाली होतं. त्या वाकून बघू लागल्या. ज्योत विझली नव्हती. हवा चांगली होती म्हणायची.

पण ज्योत हलत नव्हती. भिंतीवर चितारल्यासारखी ती उभी होती, डावीकडे किंचित कललेली. शालिनीबाई अकरापासून एकपर्यंत तिथं स्टुलावर बसल्या. दोन तासांत ज्योत डावीकडून सरळ झाली, एवढंच घडलं. डबा वर ओढायला लागल्या, तर आधी तो जागचा हलेच ना. सुतळी ताणली गेली, बोटांना रुतली, आणि मग कुणीतरी मन मोठं करून सोडून द्यावं तसा डबा सावकाश वर आला. काठाबाहेर येताच ज्योत फडफडली. मेणबत्ती तिळाएवढीही झिजली नव्हती.

संध्याकाळी त्यांनी सगळं सांगितलं. रामचंद्रराव हसले, पण हसू ओठांपुरतंच होतं.

"तीस वर्षं माझं ऐकलं नाहीस, आणि आता मेणबत्तीचं ऐकतेस?"

"थट्टा नको. टाकीत उतरायचं नाही."

"आणि निम्म्या घासलेल्या टाकीचं पाणी प्यायचं? मेधाच्या डोहाळजेवणाला चाळीस माणसं यायचीयत आपल्याकडं, पुढच्या रविवारी. त्यांना गाळ पाजू?"

"विकतचं आणू. नवी टाकी बांधू. काय वाटेल ते करू. पण उतरणार नाही म्हणा."

"बरं."

हा "बरं" कसला असतो ते शालिनीबाईंना माहीत होतं. त्यांनी शिडी मागच्या खोलीत ठेवली, कुलूप लावलं आणि किल्ली पर्सच्या आतल्या कप्प्यात टाकली.

४

पाणी या खेपेला शुक्रवारी यायचं होतं. गुरुवारी शालिनीबाई पुन्हा विद्यानगरला गेल्या. बांगड्या भरायच्या होत्या. संध्याकाळी पाचला परतल्या तेव्हा अर्चना आपल्या फाटकात बादल्या रचत होती. तिचा चेहरा लग्नघरासारखा फुललेला.

"अक्का, नीर बंतु! पाणी एक दिवस आधी सोडलं बघा आज. दोनला आलं. मी हाका मारल्या, तुमच्याकडं कुणीच नाही. मग काय, तुमचा कॉक उघडला मीच. अडीच तास धो धो. टाकी भरली असेल काठोकाठ."

"बरं केलंस बाई."

"आणि अक्का, आमची शिडी तेवढी पाठवा. माळ्यावरून हंडा काढायचाय. सकाळी तुमच्याकडचे अण्णा घेऊन गेले ते परत आणूनच दिली नाही."

शालिनीबाईंच्या हातातली बांगड्यांची पेटी खाली पडली. अर्चना ती उचलायला वाकली आणि उठून बघते तो अक्का परसाच्या वाटेवर धावत होत्या. साठ वर्षांची बाई, नऊवारीच्या काळातली नव्हे, पण धावण्याच्याही काळातली नव्हे.

परसात झाकण बाजूला होतं. टाकीतून अर्चनाच्या शिडीची दोन टोकं वर आली होती. काठावर चपलांचा जोड नीट, सरळ ठेवलेला.

५

त्यांनी डोळे मिटून आधी देवाचं नाव घेतलं, मग खाली पाहिलं.

टाकी कोरडी होती. रामचंद्रराव गुडघ्यांवर बसून फरशी घासत होते. पाठ शिडीकडे, उजवा हात पुढे ताणलेला, ब्रश फरशीवर. ते जिवंत होते. बुडालेला माणूस बघायला आलेल्या शालिनीबाईंच्या तोंडून हुंदका फुटला, "अहो!"

रामचंद्रराव हलले नाहीत. हातही हलला नाही. ब्रशच्या टोकाशी उडालेले पाण्याचे चार थेंब हवेत होते आणि ते हवेतच होते.

मग त्यांना नळाचं तोंड दिसलं. रामचंद्ररावांच्या पाठीमागे, भिंतीतून आलेल्या पाइपातून मनगटाएवढी जाड पाण्याची धार बाहेर आली होती. हातभर. तिचं टोक काचेच्या कांबीसारखं अधांतरी थांबलं होतं.

मागून आलेल्या अर्चनानं वाकून बघितलं आणि काठ घट्ट धरला. "अय्यो देवा. अक्का, हे काय हो? मी... मी नुसता कॉक..."

"कॉक बंद कर. पळ."

अर्चना पळाली. फाटकाजवळून तिचा आवाज आला, "केला बंद!"

"मीटर वाच."

"पावणेपाच हजार लिटर गेलंय आत, अक्का!"

टाकी पाच हजार लिटरची. पावणेपाच हजार आत गेलं होतं आणि फरशी कोरडी होती. शालिनीबाईंना ते गणित करायला पाटी लागली नाही. पाणी गेलं कुठं, हा प्रश्नच नव्हता. ते वाटेत होतं. सगळं एकदम येणार होतं, आणि ज्याच्यावर येणार होतं तो पाठ करून कोपरा घासत होता.

त्या हाका मारत राहिल्या. वाळत घालायची दोरी आणून सोडली. टोक हातभर जाऊन अधांतरी राहिलं आणि उरलेली दोरी त्यांच्याच पायाशी वेटोळं करून पडली. पाव तासानं पाहिलं, ब्रश फरशीच्या सांध्यापासून एक बोट पुढे सरकला होता. रामचंद्ररावांचा कान किंचित, अगदी किंचित वळला होता. हाक पोचत होती. पण माणूस वळणार, उठणार, "काय झालं?" म्हणून विचारणार आणि मग शिडी धरणार. हाकेनं हे जमायचं नव्हतं. कुणीतरी दंड धरून ओढायला हवं होतं.

त्यांनी हिशेब केला. पाव तासात एक बोट. या गतीनं उतरायचं, ओढायचं, सात पायऱ्या चढायच्या. खाली पाव मिनिटाचं काम. वर दोन दिवस, फार तर सव्वादोन. शनिवारची रात्र. रविवारी डोहाळजेवण.

"अक्का, फायर ब्रिगेडला फोन करते. माणसं येतील."

"येतील, विचारतील, वर विचारून येतो म्हणून जातील. आठव्या दिवशी पाणी सोडणारी माणसं ही, पहिल्या दिवशी उतरणार आहेत होय?" शालिनीबाईंनी पदर खोचला. "मेधाला फोन कर. तिला म्हणावं, वाकून बघितलंस तरी चालेल, पण पाय घालायचा नाही. शपथ घाल माझी. आणि म्हणावं, आई शनिवारी रात्री येते. ओटीचे तांदूळ निवडून ठेव."

पहिल्या वेळी दहा मिनिटांचा तास झाला होता. दुसऱ्या वेळी पंधरा मिनिटांचे पाच तास. मग मेणबत्ती, मग आज. आकडे एका जागी थांबलेले नव्हते, ते वाढत होते. वर्गातल्या कुठल्याही पोरीनं हात वर करून विचारलं असतं, बाई, पुढचा आकडा किती? तीस वर्षं दुसऱ्यांच्या चुकांवर लाल रेघ ओढणाऱ्या बाईंना त्या क्षणी एवढंच दिसत होतं की धारेचं टोक आणखी वीतभर खाली आलं आहे.

त्यांनी शिडीवर पाय ठेवला.

६

डोकं काठाखाली गेलं आणि आवाज सुरू झाला. खर्र, खर्र. ब्रशचा रोजचा, कंटाळवाणा आवाज. कानाला इतका बरा वाटला की शालिनीबाईंना रडू आलं. रामचंद्रराव वळले.

"आलीस? शिडी कुलपात घालून जातेस होय? मी काय लहान..."

"अहो, उठा. उठा आधी!"

त्याच क्षणी भिंत फुटल्यासारखं पाणी आलं. धार नव्हती ती, पाणी आडवं येऊन समोरच्या भिंतीवर आपटलं आणि फिरून दोघांच्या कमरेला बसलं. रामचंद्रराव पडले. शालिनीबाईंनी शेवटच्या पायरीवरून त्यांचा दंड धरला. पन्नास वर्षांत उचललं नसेल तेवढं बळ लावून त्यांना उभं केलं.

"कॉक कुणी उघडला?" नाकातोंडातलं पाणी थुंकत ते ओरडले.

"चला!"

"थांब, ब्रश..."

"ब्रश जाऊ दे मेला!"

पण ते वाकले होते. तरंगता ब्रश पहिल्यांदा हाताला लागला नाही, दुसऱ्यांदा लागला. पाणी छातीला आलं. शालिनीबाई उलट्या वळल्या, शिडी धरली आणि नवऱ्याचा हात आपल्या पदराला घट्ट धरायला लावून चढू लागल्या. एक. दोन.

त्यांनी वर पाहिलं.

वरचा चौकोन उघडझाप करत होता. पांढरा, काळा, पांढरा, काळा. कुणी झाकण लावतंय आणि काढतंय असं त्यांना आधी वाटलं. मग उघडझाप इतकी भरभर झाली की पांढरं आणि काळं वेगळं करता येईना, आणि चौकोन करडा होऊन स्थिर झाला. पावसाळी सकाळसारखा, सपाट.

"अहो, आभाळ बघा," त्या म्हणाल्या.

"चढ आधी."

तीन. चौकोनाच्या कडेला काहीतरी उगवलं. लोखंडी कठडा. कुणी बसवताना दिसलं नाही, पण कठडा होता. हिरवा होता, मग निळा होता, मग रंग नव्हता आणि गंज होता. माणसं दिसत नव्हती. कितीतरी येऊन गेली असतील. अधिकारी, पोलीस, शेजारी. एकदा आलेला माणूस त्या उजेडात टिकत नव्हता.

चार. एक चेहरा मात्र टिकला होता.

धुक्यात कोरल्यासारखा तो हळूहळू घट्ट होत गेला. काठावरून वाकलेला, केस दोन्ही बाजूंनी सुटलेले. मेधा होती. आज आली, उद्या आली, परवा आली, अशी रोज त्याच जागी येऊन वाकली असेल, तेव्हा कुठं सगळे दिवस एकावर एक बसून तिचा चेहरा दिसू लागला होता. शालिनीबाई मोजू लागल्या. किती दिवस? चेहरा एवढा ठळक व्हायला किती दिवस लागतात?

"मेधा!" त्या ओरडल्या. "आलो गं! दोन मिनिटं!"

मेधाच्या खांद्याशी दुसरा चेहरा दिसू लागला. आधी कठड्याच्या खालच्या दांडीएवढ्या उंचीवर, मग मधल्या, मग वरच्या. लहान होता, मोठा होत गेला. कपाळ थेट रामचंद्ररावांचं. बघता बघता तो मेधाहून उंच झाला, पुसट झाला आणि गेला. शिक्षणाला गेला असेल. नोकरीला. त्याला कशाला रोज यायला जमतंय?

"शालू, पाणी गळ्याशी आलंय. चढ!"

पाच. त्यांनी पाय उचलला, ठेवला. एवढ्यातच मेधाच्या केसांचा रंग बदलला. कानशिलापासून पांढरं वर चढत गेलं. आपल्या आईपेक्षा म्हातारी झालेली ती बाई अजून रोज येत होती, अजून वाकत होती, आता जरा कमी वाकत होती, कठडा धरून. ओठ हलत असावेत. ते दिसण्याइतके सावकाश नव्हते.

शालिनीबाईंनी शिडीवरचा हात सोडून वर केला. बोटं काठापासून हातभर खाली राहिली.

वर दोन पायऱ्या होत्या, तेव्हा तो चेहरा पुसट होऊ लागला. एकदम गेला नाही. रोज येणारी बाई दिवसाआड येऊ लागली असेल, मग सणावाराला. मग चौकोन नुसता करडा होता.

त्या तशाच उभ्या राहिल्या. खालून रामचंद्ररावांनी त्यांच्या पायाला ढुशी दिली. एका हातात ब्रश, मान वर, डोळ्यांत पाणी गेलेलं. त्यांना वरचं काहीच दिसलं नव्हतं.

"अगं, थांबलीस का? चढ की!"